पन्हा वाढव

आमच्या घरात हळू आवाजात बोललेलं वाक्य वाया जायचं. आप्पा सुरतेत कतारगामच्या एका कारखान्यात लूम चालवायचे, आणि लूमच्या खडखडाटात उभं राहून ज्यांनी उमेदीची वर्षं घालवली त्या सगळ्यांचे कान जसे होतात तसेच माझ्या वडिलांचेही झाले होते. ते घरी आल्यावर नुसतं ‘मीठ दे’ म्हणाले तरी खालच्या मजल्यावरच्या गुजराती मासी जिन्यात येऊन ‘शुं थयुं?’, काय झालं, असं विचारायच्या. माय त्यांच्याशी बोलताना आधी हात हलवायची, मग बोलायची. शाळेत मी उत्तर दिलं की बाई म्हणायच्या, अगं, भांडतेस कशाला? मी भांडत नसायचे, मी घरच्यासारखं बोलत असायचे. आज माझी मुलगी फोनवर तोंडातल्या तोंडात गुजरातीत पुटपुटत असते तेव्हा मला तिचा राग येतो, आणि त्या रागाचं मूळ मला त्या खोलीत सापडतं. ओरडल्याशिवाय माणूस बोलला असं मला अजून वाटत नाही.

खोली एकच होती. एका भिंतीला मायची चूल म्हणजे स्टोव्ह, दुसऱ्या भिंतीला पत्र्याची मोठी पेटी, मधे आम्ही चौघं. माय सकाळी ज्वारी-उडदाच्या कळण्याच्या भाकरी थापायची, त्या थापण्याचा आवाज आणि खालच्या एम्ब्रॉयडरी मशीनचा आवाज एकमेकांत मिसळून जायचे. आप्पांच्या डब्यात भाकरी, ठेचा आणि कांदा. सुट्टीच्या दिवशी शेवभाजी, तीही अशी तिखट की मासींच्या नातवाला एकदा चव दाखवली तर तो दोन दिवस आमच्या दारासमोरून पळत जात होता. हिवाळ्यात दादा पोंक आणायचा, हुरडाच तो, पण सुरतेत त्याला पोंक म्हणायचं आणि वर लिंबू-मिऱ्याची शेव टाकायची. माय म्हणायची, आपल्या शेतातला हुरडा यांनी शेव टाकून बिघडवला. म्हणायची आणि खायची.

कॉम्प्युटर दादाने आणला. दादा म्हणजे माझा मोठा भाऊ नितीन; दहावीनंतर तो पर्वत पाटियाजवळ साडीच्या एम्ब्रॉयडरीची डिझाइनं बनवणाऱ्या एका दुकानात कामाला लागला होता. दुकानाने नवे कॉम्प्युटर घेतले आणि एक जुना, माउस नसलेला, पंखा घरघरणारा डबा दादाच्या गळ्यात मारला. रिक्षात तो स्वतः फळकुटावर लोंबकळत आला आणि सीटवर मॉनिटर बसला होता. पेटीवर एक जुनी चादर टाकून माय म्हणाली, ठेव देवाला ठेवतोस तसा. त्या दिवसापासून पेटीतलं काही काढायचं असलं की आधी मॉनिटर उचलून खाली ठेवावा लागे, त्यामुळे पेटी फारशी उघडली जातच नसे.

त्यात एकच खेळ चालत असे. रस्त्यावर विकत मिळणाऱ्या सीडीवरचा होता. त्याचा मेनू कुठल्यातरी परदेशी लिपीत होता, उलटी-सुलटी अक्षरं, दादालाही वाचता येत नव्हती. माउस नाही आणि मेनू कळत नाही, म्हणून जे काही करायचं ते कीबोर्डवरच्या चोरवाटांनी. दुकानातल्या पोरांनी दादाला त्या शिकवल्या, दादाने मला. खेळ सुरू झाला की तो एवढ्याशा चौकटीत उघडायचा. आल्ट दाबून एंटर मारलं की पडदाभर व्हायचा. कंट्रोल दाबून धरून प्लस मारलं की रिझोल्यूशन चढायचं, मायनस मारलं की उतरायचं. प्रत्येक वेळी मॉनिटर काळा पडायचा, आतून ‘टक्’ असा आवाज यायचा, चित्र थरथरायचं आणि मग स्थिर व्हायचं. खेळात उंचावरून बघितल्यासारखा रस्ता दिसायचा आणि त्यावर एक लाल ट्रक. गावातून माल भरायचा, दुसऱ्या गावी नेऊन टाकायचा, वाटेत कोणाला ठोकायचं नाही, झालं. सगळ्यात खालच्या रिझोल्यूशनला ट्रक चांगला काड्यापेटीएवढा दिसे, पण पुढचं वळण चित्रात मावत नसे. वरच्या रिझोल्यूशनला अख्खं गाव दिसे, आणि ट्रक मुंगीएवढा.

आप्पा त्या खेळाच्या नादाला लागतील असं आम्हाला वाटलं नव्हतं. पहिल्या दिवशी ते जेवत होते आणि लांबून बघत होते. दादाने आल्ट-एंटर मारलं, चौकट पसरून पडदाभर झाली, आणि आप्पा घास हातात धरून मोठ्याने म्हणाले, “अरे, पन्हा वाढना!” आमच्या अहिराणीत वाढना म्हणजे वाढला, आणि पन्हा म्हणजे कापडाची रुंदी. सकाळपासून संध्याकाळपर्यंत ज्याच्या नजरेसमोर कापडच सरकत असतं त्याला पसरलेली कुठलीही गोष्ट पन्ह्यातच दिसणार. आम्ही खूप हसलो, आणि शब्द घरात राहिला. रिझोल्यूशन हा शब्द मायच्या तोंडात बसत नव्हता, आप्पांच्या कानात शिरत नव्हता. पन्हा वाढव, पन्हा कमी कर. मासींचा नातू आला तरी तोही म्हणायचा, सुनीदीदी, पन्हो वधारो. चौकट पडदाभर करायची तरी पन्हा, आणि रिझोल्यूशन बदलायचं तरी पन्हाच.

आता डिझाइनच्या कामात माझी निम्मी हयात गेल्यावर मला कळतं की आप्पांनी चुकीचा शब्द उचलला. त्यांच्याच कारखान्यात बरोबर शब्द होता. लूमला फणी असते, तिला रीड म्हणतात. पन्हा तेवढाच ठेवून रीड बारीक केली की तेवढ्याच रुंदीत जास्त तारा बसतात, कापड तलम होतं. जाड रीड, थोड्या तारा, ठसठशीत पोत. रिझोल्यूशन म्हणजे अगदी हेच. ‘रीड जाड कर’ म्हणाले असते तर पुढे झाला तो घोटाळा झालाच नसता, कारण त्याचा एकच अर्थ होतो. पण शब्द काही विचार करून घरात येत नाहीत, जेवताना तोंडातून निसटतात आणि मग मुक्काम ठोकतात.

सुट्टीच्या दुपारी आप्पा आंघोळ करून, केसांना तेल लावून, पेटीसमोर स्टूल घेऊन बसायचे. त्यांची बोटं जाड, दोऱ्याने कापली गेलेली, एकाच वेळी दोन बटणं दाबणं त्यांना जमायचं नाही. ते चार बाणांच्या बटणांनी ट्रक चालवायचे आणि कंट्रोलचं खातं माझ्याकडे. मी त्यांच्या डाव्या हाताला बसायचे. ते ओरडायचे, “सुने, पन्हा वाढव!” आणि मी मायनस मारायचे. मला ते आपोआपच समजलं होतं. आप्पांना वाढव म्हणजे ट्रक मोठा हवा असायचा, गाव मोठं नाही. त्यांचं वाढव माझं कमी, आणि आमचं दोघांचं छान चाललं होतं. टक्, चित्र थरथरलं, ट्रक मोठा झाला की आप्पा म्हणायचे, “हां, आते कसं!” आणि गाडी सोडायचे.

सुरुवातीला ते मधल्या रिझोल्यूशनला खेळायचे. पावसाळ्यानंतर एक पायरी खाली आले. पोंकाच्या दिवसांत आणखी एक. स्टूलही पुढे सरकत गेलं, इतकं की माय म्हणायची, आता काय मॉनिटरमध्येच शिरता का? मला त्यात काही वावगं वाटलं नाही, नववीतल्या पोरीला बापाच्या डोळ्यांचा विचार कशाला येईल? मला वाटायचं, म्हातारं माणूस, मोठा ट्रक आवडत असेल. म्हातारं म्हणजे किती, तर आज मी आहे त्याहून लहान होते ते. खेळ संपला की ते जिंकले की हरले हे मला कधी विचारत नसत. पडद्याच्या कोपऱ्यात गावाच्या नावाची छोटी पाटी होती, तिच्यावर बोट ठेवून म्हणायचे, “हाई पाटी दिखस माले.” ही पाटी दिसते मला, असं स्वतःलाच सांगितल्यासारखं, आणि तेवढ्यावर समाधान मानून उठायचे. ते खेळत नव्हते हे मला फार उशिरा कळलं. ते दर सुट्टीला स्वतःचे डोळे तपासत होते. पाटी दिसली की पुढच्या आठवड्याला कामावर जायला हरकत नाही, असा त्यांचा हिशेब होता. घाबरलेला माणूस काय काय शोधून काढतो!

घाबरायला कारणही होतं. गावी त्यांच्या थोरल्या काकांचे डोळे ऐन चाळिशीत गेले होते, आणि मग मरेपर्यंत ते ओट्यावर बसून होते. येणारा-जाणारा त्यांना तंबाखू द्यायचा, पोरं काठी लपवायची, सुना ताट आदळायच्या. आप्पांनी हे लहानपणी पाहिलं होतं. त्यामुळे डोळ्यांचं नाव काढलं की ते दुसरंच काही बोलायला लागायचे. मायने एकदा ‘दाखवून तर या’ म्हटलं, तर त्या दिवशी भाजीत मीठ किती जास्त आहे यावर त्यांनी सगळी चाळ ऐकेल असं भाषण केलं. मीठ बरोबर होतं, मी खाल्ली होती ना भाजी.

मग अमळनेरकडे मामाच्या मुलीचं लग्न निघालं. माय आणि मी गेलो, आप्पा आणि दादा सुरतेतच राहिले. लग्न झालं, मांडे खाऊन झाले, भुसावळहून येणाऱ्या पॅसेंजरमध्ये उभ्याने अंग आंबवून आम्ही घरी पोचलो, तर ऐन कामाच्या वेळी आप्पा घरात. जमिनीवर बसलेले, पाठ भिंतीला. शेजारी बॅग, तीत त्यांचे दोन सदरे, धोतर आणि दाढीचं सामान. मायने हात हलवला नाही, सरळ विचारलं, “काय व्हयनं?”

“काही नही. मी जास गावले.”

“का बरं?”

“जीव लागत नही आठे.”

इतक्या वर्षांत न लागलेला जीव आजच न लागायला काय झालं, हे मायने त्यांना तीन तऱ्हांनी विचारलं. त्यांनी तिन्ही वेळा तेच उत्तर दिलं, आणि तेही हळू आवाजात. आम्ही सगळ्यात जास्त त्या हळू आवाजाचा धसका घेतला. ते दोन-तीन दिवस कामावर गेलेच नव्हते असं दादाकडून समजलं. कारखान्याच्या शेठनी माणूस पाठवला होता, त्याला दारातूनच सांगितलं की मी काम सोडलं. कारखान्यात भांडण झालं का? नाही. कोणी काही बोललं का? नाही. दादा बिचारा रडकुंडीला आला होता. म्हणाला, “सुट्टीच्या दिवशी तर चांगले खेळायला बसले होते. ‘पन्हा वाढव’ म्हणाले, मी वाढवून दिला. थोडा वेळ बसले आणि उठले. जेवलेच नाहीत. तेव्हापासून हे असं.”

मी विचारलं, “कसा वाढवून दिलास?”

“कसा म्हणजे? प्लस मारून. ते पुन्हा म्हणाले, अजून वाढव. मी अजून मारला. शेवटपर्यंत नेला. म्हटलं, आप्पा, आता याच्यापेक्षा मोठा होतच नाही.”

मी कॉम्प्युटर चालू केला. खेळ उघडला, आल्ट-एंटर मारलं. सगळ्यात वरचं रिझोल्यूशन. मॉनिटर एक बारीक शीळ घालत होता आणि चित्र कडेने हलत होतं. अख्खं गाव, त्याचे सगळे रस्ते, झाडं, आणि मधे कुठेतरी लाल ठिपका. मलाच ट्रक शोधायला लागला. दादाचं काहीच चुकलं नव्हतं. वाढव म्हटल्यावर कोणीही प्लसच मारील. पण मी त्या स्टुलावर आप्पांच्या जागी बसून विचार केला. त्यांना वाटलं होतं की ट्रक मोठा होतोय. प्रत्येक ‘टक्’ला मोठा होतोय आणि तरी आपल्याला दिसत नाही. शेवटी पोरगा सांगतो, याच्यापेक्षा मोठा होत नाही, आणि समोर नुसतं धुकं. म्हणजे संपलं सगळं. थोरल्या काकांचा ओटा त्यांना दिसला असणार, बाकी काही दिसत नसलं तरी.

मी उठून त्यांच्यापुढे बसले आणि ओरडले, “आप्पा, तुमले दिखस का?”

माय स्टोव्हपाशी होती, तिने पातेलं खाली ठेवलं. आप्पांनी माझ्याकडे, म्हणजे माझ्या आवाजाकडे तोंड केलं. मग म्हणाले, “डोया गयात मन्हा.” माझे डोळे गेले, एवढंच. इतकं साधं वाक्य माझ्या आयुष्यात कोणी बोललं नाही. मला रडू आलं, पण रडायला वेळ नव्हता. मी त्यांचा हात धरला, ओढत नेऊन स्टुलावर बसवलं. ते नको नको म्हणत होते, अंगाचं ओझं करत होते, लहान पोर करतं तसं. मी कंट्रोल धरून मायनस मारला. टक्. आणखी एक. टक्. अगदी तळाला नेला. लाल ट्रक पडद्याच्या मधोमध काड्यापेटीएवढा उभा राहिला.

आप्पा पुढे वाकले. त्यांचं नाक काचेला लागेल की काय असं झालं. मग ते एकदम ओरडले, नेहमीच्या आवाजात, “दिखस! दिखस ना वं माले!” मी त्यांना दादाने काय केलं होतं ते सांगत होते, वाढव म्हणजे बारीक कसं होतं ते समजावत होते, पण त्यांना ऐकायचंच नव्हतं. ते हसत होते, दादाच्या पाठीत थाप मारत होते, गाढवा, घाबरवलंस की रे मला. उठून त्यांनी खुंटीवरचा सदरा काढला. दुसरी पाळी अजून मिळेल म्हणाले. शेठला सांगतो, ताप होता. सदऱ्याच्या बाहीत त्यांचा हात दोनदा चुकला.

दादाही हसत होता. त्याच्या जिवावरचं ओझं उतरलं होतं. मी मायकडे बघितलं. ती हसत नव्हती. ती माझ्याकडे बघून मान हलवत होती, नाही, नाही, अशी. लूमचा धोटा एका कडेकडून दुसऱ्या कडेला गोळीसारखा सुटतो, आणि कधी कधी जागा सोडून बाहेर उडतो. डोळस माणूस तो चुकवतो. हे आमच्या चाळीत शेंबड्या पोरालाही माहीत होतं. दोन मिनिटांपूर्वी मला वाटत होतं की आप्पांना दिसतं हे सिद्ध केलं की सगळं ठीक होईल. आता बाप आनंदाने दाराकडे निघालेला, आणि त्याला परत बसवून त्याचा आनंद हिसकावून घ्यायचं काम कोणीतरी करायला हवं होतं. माय करू शकली नसती, तिचं त्यांनी कधीच ऐकलं नव्हतं. दादाला तर काही कळलंच नव्हतं. असल्या वेळी घरात जी पोरगी असते तिच्याच वाट्याला ते येतं, तेव्हाही आणि नंतरही. माझ्या वाट्याला पुढे बरंच आलं. पण एवढं जड काही आलं नाही.

“आप्पा, बठा,” मी म्हटलं.

“आते काय?”

“बठा तर. मी बटण दाबस, तुम्ही सांगा.”

ते सदरा अर्धा घातलेला तसेच बसले. मी कंट्रोल धरला आणि प्लस मारला. टक्. “ट्रक दिखस?” “दिखस ना.” प्लस. “आते?” “दिखस.” हे जरा सावकाश. प्लस. ते पुढे वाकले, उजवीकडे मान केली, डावीकडे केली. “लाल काईतरी शे.” मी आणखी एक प्लस मारला आणि काहीच विचारलं नाही. मॉनिटरची शीळ सुरू झाली, ती त्यांना ऐकू येणं शक्य नव्हतं. दादा मागून म्हणाला, “तो काय, पुलाजवळ आहे, स्पष्ट तर दिसतोय.” बोलून गेल्यावर त्याने जीभ चावली. आप्पांनी बोट पुढे केलं आणि काचेवर ठेवलं. पुलापासून कितीतरी लांब, नुसत्या हिरव्या रंगावर.

मी म्हटलं, “आप्पा, चित्र मोठं व्हतं. डोया चांगला नहीत.”

त्यांनी हात मागे घेतला. मला वाटलं, आता मारतील. मारलं असतं तर बरं वाटलं असतं. मायने पुढे येऊन त्यांच्या खांद्यावरून अर्धा सदरा उतरवला आणि म्हणाली, “धोटा उडना तं काय करशात?” मायने जेवायला वाढलं, ते जेवले. बॅग तशीच राहिली, ती मी रिकामी केली.

हे लिहिताना मी कोसाडच्या माझ्या घरात मोठ्या पडद्यासमोर बसले आहे आणि माझी अक्षरं एवढी मोठी केली आहेत की मुलगी स्वयंपाकघरातून वाचते. “मम्मी, आटलुं मोटुं?” म्हणते आणि हसते. हसू दे. आता कंट्रोल-प्लस मारलं की अक्षर खरोखरच मोठं होतं, जगाने एवढी सुधारणा केली. डिझाइनचा एकेक टाका बघून बघून माझेही डोळे संध्याकाळी चुरचुरतात, मान धरते, आणि कुठल्याही कामाचा पहिल्यासारखा उत्साह येत नाही. पण चष्म्याचा नंबर वाढला की मी त्याच आठवड्यात डॉक्टरकडे जाते. तेवढं एक शहाणपण त्या दुपारचं आहे.

तेव्हा आप्पांना नेलं त्या दवाखान्यात एक तरुण डॉक्टरबाई होत्या. त्यांनी आप्पांच्या डोळ्यांत बॅटरी मारली आणि म्हणाल्या, “काका, मोतियो तो पाकी गयो छे. आटला दिवस शुं करता हता?” एवढे दिवस काय करत होता म्हणून. आप्पा म्हणाले, लूम चालवत होतो. मोतीबिंदू. वयाच्या मानाने लवकर आला होता, कारण अंगात साखर होती, तीही त्याच दिवशी समजली. उजवा डोळा ऑपरेशनने सुधारेल, डाव्याचं सांगता येत नाही. मोतीबिंदू म्हणजे आंधळेपण नव्हे, हे आप्पांना पटवायला बाईंना बराच वेळ ओरडावं लागलं. बाहेरच्या बाकांवरची माणसं ऐकत होती. थोरल्या काकांनाही तेच असेल का, असं आप्पांनी परतताना रिक्षात मला विचारलं. असेल, मी म्हटलं. मग घर येईपर्यंत ते रस्त्याकडे तोंड करून बसले.

ऑपरेशन झालं, पट्टी निघाली, काळा चष्मा आला. तो घरात काढायची परवानगी मिळाली त्या सकाळी आम्ही तिघं त्यांच्यासमोर उभे होतो, फोटो काढून घ्यायला उभे राहतात तसे. आप्पांनी चष्मा काढला. उजवा डोळा किलकिला केला, उघडला. आमच्याकडे एकदा बघितलं, हसले, दादाला म्हणाले दाढी कर. मग त्यांची नजर आमच्या मागे गेली, खिडकीवर. तिथे आकाशी रंगाचा पडदा होता आणि त्यातून ऊन येत होतं. कारखान्यातून शेठ त्यांच्याबरोबर अधूनमधून कापड पाठवायचे, कागदात बांधून, घरी द्या म्हणून. आप्पा मोठ्या कौतुकाने आणून मायच्या हातात द्यायचे, शेठचा जीव आहे आपल्यावर. माय त्याचे पडदे शिवायची, उशांचे अभ्रे शिवायची, उरलेलं पेटीत ठेवायची.

आप्पा उठले. पडद्याजवळ गेले. उन्हात त्या कापडात एक उभी रेघ दिसत होती, केसाएवढी. ताण्यातली, म्हणजे उभ्या धाग्यांतली, एक तार तुटली की अशी रेघ पडते. विणणाऱ्याला दिसलं की तो लूम थांबवतो, गाठ मारतो, रेघ तिथेच संपते. आप्पांनी वरच्या दांडीपाशी रेघेवर बोट ठेवलं आणि ते खाली आणत गेले. रेघ संपेना. ते वाकले, मग गुडघ्यांवर आले, आणि पडद्याच्या काठाशी बोट टेकल्यावर जमिनीवरच बसले. शेजारी हात चार बोटं सरकवून बघितलं. तिथे दुसरी रेघ होती.

“हाई मन्हं शे?”

मायने हो म्हटलं.

“सगयं?”

“सगयं.”

म्हणजे आप्पांनी विणलेलं खराब कापड शेठनी सगळं परत केलं होतं, एवढे दिवस, न बोलता. आणि ह्या बाईने ते सगळं बघितलं होतं, शिवलं होतं, त्यावर माणसं झोपवली होती. मला कोणाचा राग येत होता ते कळत नव्हतं. शेठचा, मायचा, की बक्षीस म्हणून आपलीच चूक हसत हसत घरी आणणाऱ्या माझ्या बापाचा.

“कोनी सांगं नही माले,” आप्पा म्हणाले.

“तुम्हीन इचारं नही,” माय म्हणाली. तिच्या आवाजात राग नव्हता. थकलेली होती ती, बस.

आप्पा पडद्याचा काठ धरून बसून राहिले. मग त्यांनी विचारलं, “आखो कितला शेतस?” अजून किती आहेत? मायने दादाकडे बघितलं. दादाने मॉनिटर उचलून जमिनीवर ठेवला, मायने चादर काढली, पेटी उघडली आणि एकेक घडी काढून आप्पांच्या पुढ्यात ठेवायला लागली. आप्पांनी पहिली घडी उलगडली, दारातल्या उजेडाकडे धरली आणि चांगला डोळा जवळ नेला. ती रेघ शेवटपर्यंत बघून झाल्यावरच त्यांनी दुसरी उचलली. सगळ्या घड्या बघून होईपर्यंत जेवणं थांबली.